घर नेले भूकंपाने, देश नेला कागदाने

हैतीचे नाव आपल्याकडे दोनच प्रसंगी निघते. तेथे काही भयंकर घडले की चार दिवस हळहळ व्यक्त होते. किंवा मग 'कागदपत्रे नसलेल्यांना बाहेर काढले तर चुकले काय?' असा युक्तिवाद करताना कोणीतरी डॉमिनिकन प्रजासत्ताकाचे अथवा अमेरिकेचे उदाहरण देतो आणि त्या ओघात हैतीचा माणूस येऊन जातो. आमचा आक्षेप या दोन्हींना आहे. हळहळीला अशासाठी, की ती सगळे खापर निसर्गाच्या माथी फोडून मोकळी होते. युक्तिवादाला अशासाठी, की तो कायद्याचे नाव घेऊन कायद्याचे मूळ तत्त्वच मोडतो.

ते तत्त्व साधे आहे. माणूस एखाद्या ठिकाणचा होतो तो तेथे जन्मल्याने, राहिल्याने, राबल्याने, तेथल्या माणसांशी बोलत वाढल्याने. कागद हा या वस्तुस्थितीचा पुरावा आहे, तिचा उगम नव्हे. पुराव्यालाच उगम मानले, की ज्याच्या हाती शिक्का त्याच्या हाती माणसाचे माणूसपण जाते. गेल्या शंभर वर्षांतील हैतीच्या माणसाची कहाणी ही या एका गफलतीची कहाणी आहे. भाषेच्या प्रश्नाला वाहिलेल्या या जागेवर आम्ही ती सांगतो याचे कारणही त्याच कहाणीत आहे. 'तू येथला का?' हा प्रश्न जेव्हा जेव्हा विचारला जातो, तेव्हा पहिली तपासणी जिभेची होते.

प्रथम भूकंपाविषयी. १२ जानेवारी २०१० रोजी सायंकाळी पाचच्या सुमारास पोर्ट-ओ-प्रिन्सच्या पश्चिमेस, लेओगान गावाजवळ ७.० तीव्रतेचा भूकंप झाला. राष्ट्राध्यक्षांचा प्रासाद, मुख्य न्यायालयाची इमारत, बहुतेक मंत्रालये आणि कॅथेड्रल कोसळले. सरकारने तीन लाखांहून अधिक मृत्यू जाहीर केले. इतरांचे अंदाज त्याहून कितीतरी कमी आहेत. मृतांची विश्वसनीय मोजणी होऊच शकली नाही. ज्यांची जन्माची नोंद नव्हती त्यांच्या मृत्यूची नोंद कोठे होणार? सहा आठवड्यांनी, २७ फेब्रुवारी रोजी, चिली देशात ८.८ तीव्रतेचा, म्हणजे ऊर्जेच्या हिशेबाने शेकडो पट मोठा भूकंप झाला. तेथील मृतांची संख्या पाचशेच्या आसपास राहिली. केंद्रबिंदूची खोली, शहरापासूनचे अंतर हे भेद आम्ही जमेस धरतो. परंतु तेवढ्याने हा फरक भरून निघत नाही. माणसे धरणीच्या कंपाने मेली त्याहून अधिक घरांच्या कच्चेपणाने मेली; आणि घरे कच्ची का होती याचे उत्तर भूगर्भात नव्हे, राज्यकारभारात आहे.

पोर्ट-ओ-प्रिन्स असे दाटले कसे? हैती हा शेतकऱ्यांचा देश होता. द्युव्हालिये पिता-पुत्रांच्या हुकूमशाहीने सगळी सत्ता आणि सगळा पैसा राजधानीत ओढून घेतला. पुढे १९९० च्या दशकाच्या मध्यास परकीय ऋणकोंच्या नव्हे, धनकोंच्या दडपणाखाली तांदळावरील आयातकर ३५ टक्क्यांवरून ३ टक्क्यांवर आला. अमेरिकेतील अनुदानित तांदूळ बाजारात ओतला गेला आणि देशी भातशेती मोडली. ज्यांच्या कारकिर्दीत हे झाले ते अमेरिकेचे माजी अध्यक्ष बिल क्लिंटन यांनी मार्च २०१० मध्ये सिनेटच्या समितीपुढे या धोरणाची चूक कबूल केली. कबुली प्रामाणिक असेल. पण तोवर मोडलेला शेतकरी शहराच्या डोंगरउतारावर विटांच्या खोलीत भाडेकरू झाला होता, आणि ती खोली त्याच्या अंगावर पडून दोन महिने झाले होते.

'भाडेकरू' हा शब्द आम्ही मुद्दाम वापरतो, कारण पुढचा सगळा अन्याय या शब्दाभोवती फिरतो. भूकंपानंतर सुमारे पंधरा लाख माणसे ताडपत्रीच्या छावण्यांत आली. त्यांतील फार मोठा वर्ग भाडेकरूंचा होता. पुनर्बांधणीसाठी देणग्यांची आश्वासने अब्जावधी डॉलरची होती. पण पक्के घर बांधून द्यायचे तर जमीन कोणाची हे आधी ठरावे लागते. हैतीत देशभराची भूमापन नोंद नव्हती; एकाच तुकड्यावर तीन-तीन जणांचे दस्त निघत. ज्याचा दस्त नाही त्याला घर नाही, आणि दस्त तर बहुतेकांचा नाहीच. मग काय करायचे? छावणी सोडून जाणाऱ्या कुटुंबाला वर्षभराच्या भाड्यापोटी सुमारे ५०० डॉलर द्यायचे, तंबू काढून घ्यायचा, आणि छावणीतील माणसांचा आकडा खाली आला म्हणून अहवालात समाधान व्यक्त करायचे. वर्ष संपल्यावर ते कुटुंब कोठे गेले हे आकड्यात दिसत नाही.

जेथे पैसे देऊन माणसे हलली नाहीत तेथे जागेचे मालक म्हणवणारे लोक पुढे आले. पाणी तोडणे, धमकावणे, तंबू फाडणे हे सगळे झाले. १५ नोव्हेंबर २०१० रोजी आंतर-अमेरिकी मानवाधिकार आयोगाने पाच छावण्यांच्या बाबतीत सक्तीची निष्कासने थांबवण्याची सूचना हैती सरकारला केली. वकिलाच्या नजरेने पाहता या प्रकरणाचा मथितार्थ स्पष्ट आहे: निष्कासन मागणाऱ्याच्या हाती निर्विवाद मालकीहक्क असल्याचे कोणी तपासत नव्हते, झोपणाऱ्याकडे मात्र पुरावा मागितला जात होता. पुराव्याचा भार नेहमी दुबळ्याच्या खांद्यावर! हैतीत तो भूकंपाच्या आधीही होता. भूकंपाने फक्त त्यावरचे छप्पर उडवले.

आता कनानची हकीकत. शहराच्या उत्तरेस एक उजाड, झाडझुडूप नसलेला माळ आहे. २२ मार्च २०१० रोजी अध्यक्ष रेने प्रेव्हाल यांच्या सरकारने हुकूम काढून तो सार्वजनिक उपयोगासाठी राखीव म्हणून घोषित केला. त्याच्या एका कोपऱ्यात सरकार व मदतसंस्था यांनी मिळून एक अधिकृत छावणी वसवली. बाकीचा माळ लोकांनी स्वतः वसवला. बायबलमधील वचनभूमीचे नाव त्याला दिले: कनान. शेजारच्या वस्तीचे नाव जेरुसलेम. काही वर्षांत तेथे दोन लाखांहून अधिक माणसे राहू लागली. कोणत्याही नगररचनाकाराने आखून न देता लोकांनी दोऱ्या धरून रस्ते आखले, शाळेसाठी आणि प्रार्थनाघरासाठी जागा सोडल्या, पावसाच्या ओढ्यांपासून अंतर राखायचे म्हणून आपसांत भांडले आणि मिटवले. घराला लागलेला पैसा त्यांच्या स्वतःच्या घामाचा, नाहीतर मायामीहून किंवा सांतियागोहून भावाने पाठवलेला. नळ नाही, वीज नाही, पोलीस ठाणे नावापुरते. भूकंपानंतरच्या हैतीत उभे राहिलेले सर्वांत मोठे नवे नगर हे असे, मदतीच्या आराखड्याबाहेर उभे राहिले.

नागरिक म्हणजे काय, हे ज्याला पाहायचे असेल त्याने कनानकडे पाहावे. जमिनीवर नगर उभारणे, शेजाऱ्याशी नियम ठरवणे, ते पाळणे, मुलांसाठी जागा राखणे यापलीकडे नागरिकत्वाचा अधिक मूळ अर्थ आम्हांला तरी ठाऊक नाही. पण त्या माळावरच्या घरांना मालकीचा कागद मिळाला नाही. सरकारने जमीन घोषित केली, परंतु संपादनाची प्रक्रिया तडीस नेली नाही. जुने दावेदार उभेच राहिले. ज्या वस्तीला राज्याने आपली मानले नाही, ती पुढे सशस्त्र टोळ्यांनी आपली मानली. गेल्या काही वर्षांत राजधानीचा बहुतांश भाग टोळ्यांच्या ताब्यात गेला, कनानही गेले, आणि हाताने नगर उभारणारी माणसे पुन्हा बोचकी उचलून निघाली. २०२५ च्या मध्यापर्यंत देशांतर्गत विस्थापितांची संख्या तेरा लाखांवर पोहोचली होती. हा आकडा २०१० च्या छावण्यांच्या जवळ जातो, आणि या वेळी भूकंप झालेला नाही.

येथे भाषेकडे वळणे प्राप्त आहे. हैतीची सगळी माणसे क्रेयोल बोलतात. फ्रेंच सफाईने बोलणारे थोडे, आणि फ्रेंचमध्ये मृत्युपत्र, खरेदीखत, न्यायनिवाडा वाचून समजू शकणारे त्याहून थोडे. तरीही स्वातंत्र्यानंतर पावणेदोन शतके राज्याची भाषा फ्रेंचच राहिली. १९८७ च्या संविधानाने प्रथम स्पष्ट म्हटले की सर्व हैतीवासीयांना जोडणारी एकच भाषा क्रेयोल आहे, आणि क्रेयोल व फ्रेंच या दोन्ही राजभाषा आहेत. त्याच संविधानाच्या ४० व्या अनुच्छेदाने कायदे, हुकूम व करार दोन्ही भाषांत प्रसिद्ध करण्याचे कर्तव्य राज्यावर टाकले. घडले काय? २०१२ मध्ये संविधानातच दुरुस्ती झाली आणि ती फक्त फ्रेंचमध्ये प्रसिद्ध झाली. ज्या ग्रंथाने राज्याला दुभाषी होण्यास सांगितले, त्याचीच सुधारित आवृत्ती लोकांच्या भाषेत नाही! संविधानाने सांगितलेल्या क्रेयोल अकादमीची स्थापना होण्यास २०१४ साल उजाडले, म्हणजे सत्तावीस वर्षे गेली.

हा केवळ भाषाप्रेमाचा मुद्दा नव्हे. ज्या भाषेत खरेदीखत असते त्या भाषेत फसवणूक होते. भूकंपानंतर मदतसंस्थांच्या समन्वयाच्या बैठका विमानतळाजवळच्या संयुक्त राष्ट्रांच्या बंदिस्त तळावर, मुख्यतः इंग्रजीत चालत. छावणीतील प्रतिनिधीला आत जाण्यास परवाना लागे आणि आत गेल्यावर दुभाषा. याउलट ढिगाऱ्याखालून, गल्लीबोळांतून लोकांनी ४६३६ या क्रमांकावर क्रेयोलमध्ये पाठवलेले लघुसंदेश जगभर विखुरलेल्या हैतीवासीयांनी रात्रंदिवस बसून भाषांतरित केले, आणि मदत पोहोचली. भाषा ओळखली की माणूस सापडतो. भाषा नाकारली की तो समोर असून दिसत नाही. क्रेयोलमध्ये खेड्यातल्या माणसाला 'बाहेरचा माणूस' अशा अर्थाचा शब्द आहे. आपल्याच देशात बाहेरचा! १९९५ पर्यंत ग्रामीण मुलांच्या जन्मदाखल्यावर 'शेतकरी' असा वेगळा शिक्का असे. कागद माणसाला कसा जोखतो आणि जन्माआधीच कसा खालच्या पायरीवर बसवतो, याचा याहून ठळक दाखला शोधावा लागणार नाही.

आता सीमेपलीकडे. हैती आणि डॉमिनिकन प्रजासत्ताक ही एकाच बेटावरची दोन राष्ट्रे आहेत. उत्तरेकडील सीमाभागात विसाव्या शतकाच्या प्रारंभी जे लोक राहत, ते दोन्ही भाषा बोलत. बाजार एकीकडे, शेत दुसरीकडे, सोयरीक दोन्हीकडे. राजधानीत बसलेल्या राष्ट्रवाद्यांना हे मिश्रण खुपत होते. ऑक्टोबर १९३७ मध्ये हुकूमशहा राफाएल त्रुहियो याच्या आज्ञेने सैनिकांनी या सीमाभागात हजारो हैतीवंशीयांची कत्तल केली. मेलेल्यांतील पुष्कळ जण डॉमिनिकन भूमीवरच जन्मलेले होते. असे सांगितले जाते की सैनिक कोथिंबिरीसारख्या एका पाल्याची काडी दाखवून 'हे काय?' असे विचारीत. स्पॅनिशमधील 'पेरेहील' हा शब्द उच्चारताना ज्याची 'र'वर जीभ अडखळली तो मेला. ही परीक्षा किती ठिकाणी घेतली गेली याविषयी इतिहासकारांत मतभेद आहेत; सीमेवरच्या पुष्कळांना तो शब्द नीट म्हणता येत असणार. परंतु आठवण म्हणून ती टिकली यात अर्थ आहे. जेथे दोन भाषा एकाच अंगणात नांदत होत्या, तेथे जिभेवर रेघ मारल्याखेरीज भूमीवर रेघ मारता येत नव्हती.

आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. उसाच्या मोठ्या मळ्यांवरचे हैतीयन मजूर त्या कत्तलीतून बव्हंशी वाचले, कारण साखर कारखान्यांना ते हवे होते. पुढे तर दोन्ही सरकारांनी करार करून ऊसतोड मजूर आणले. हैतीच्या राज्यकर्त्यांनी दरडोई पैसे घेतले, डॉमिनिकन सरकारी कारखान्यांनी माणसे घेतली. मळ्यालगतच्या चाळवजा वस्त्यांत त्यांची मुले जन्मली, स्पॅनिश बोलत वाढली. १९२९ च्या डॉमिनिकन संविधानाने देशात जन्मलेल्या प्रत्येकाला नागरिकत्व दिले होते. अपवाद दोनच, परराष्ट्र वकिलांची मुले आणि 'मार्गस्थ' परकीयांची मुले. मार्गस्थ म्हणजे कोण? १९३९ च्या स्थलांतर नियमांनी त्यास दहा दिवसांची मर्यादा घातली होती. अर्थ स्वच्छ होता: जो वाटेने जात आहे तो. तीस वर्षे ऊस तोडणारा माणूस वाटेने जात नसतो.

पण साखरेचा धंदा बसला, मजूर नकोसे झाले, आणि मग 'मार्गस्थ' या शब्दाचा अर्थ ताणला जाऊ लागला. नोंदणी कार्यालयांत दाखले अडू लागले. २००५ मध्ये आंतर-अमेरिकी मानवाधिकार न्यायालयाने दोन लहान मुलींच्या प्रकरणात निर्णय दिला: ज्याने देशाशी नाते जोडले त्यास मार्गस्थ म्हणता येत नाही, आणि आईबापांची बेकायदा अवस्था मुलांना वारसाहक्काने मिळत नाही. दुसरे वाक्य आम्हांला कोणत्याही सुसंस्कृत कायद्याचा पाया वाटते. कर्जसुद्धा वारसाकडे मिळकतीपुरतेच येते. अपराध मुळीच येत नाही.

डॉमिनिकन संविधान न्यायाधिकरणाने २३ सप्टेंबर २०१३ रोजी याच्या नेमके उलट केले. हैतीयन मजुराची, देशातच जन्मलेली, जन्मदाखला हाती असलेली एक तरुणी ओळखपत्र मागण्यास गेली होती. न्यायाधिकरणाने तिला ओळखपत्र तर नाकारलेच; वर आदेश दिला की १९२९ पासूनच्या सर्व नोंदवह्या तपासा आणि 'मार्गस्थां'ची मुले शोधून काढा. चौऱ्याऐंशी वर्षे मागे जाणारा निवाडा! दोन लाखांहून अधिक माणसे त्याच्या तडाख्यात सापडली. जगभर टीका झाल्यावर २०१४ मध्ये कायदा करून ज्यांची नोंद होती त्यांना कागद परत देण्याचे ठरले. ज्यांची नोंद कधी झालीच नव्हती त्यांना मात्र आधी 'परकीय' म्हणून नाव नोंदवा, मग नागरिकत्वासाठी अर्ज करा, असे सांगण्यात आले. जन्मभूमीत परकीय असल्याचे स्वतःच्या सहीने लिहून द्यायचे! त्या खिडकीवर नऊ हजार माणसेही पोहोचली नाहीत यात नवल ते काय?

निवाड्याच्या समर्थनार्थ सांगितले जाते की हे लोक राष्ट्रहीन होत नाहीत. हैतीचे संविधान रक्ताच्या नात्याने नागरिकत्व देते, तेव्हा त्यांनी ते घ्यावे. युक्तिवाद चतुर आहे, खरा नाही. मिळू शकणारा हक्क आणि मिळालेले नागरिकत्व यांत विहिरीचे पाणी आणि घागरीतले पाणी यांइतके अंतर असते. ज्या आजोबाकडे हैतीचा जन्मदाखला नव्हता, त्याचा नातू कोणता दस्त दाखवून हैतीयन ठरणार? आणि ज्याला क्रेयोल येत नाही, ज्याने तो देश पाहिला नाही, त्यास तेथे नेऊन सोडणे याला 'परत पाठवणे' म्हणता येत नाही. जेथे तो कधी नव्हताच तेथे तो परत कसा जाणार? तरीही ऑक्टोबर २०२४ मध्ये डॉमिनिकन सरकारने आठवड्याला दहा हजारांपर्यंत माणसे सीमेपार धाडण्याचा निर्धार जाहीर केला. आणि सीमेपारची राजधानी त्या वेळी टोळ्यांच्या हाती होती.

हा केवळ एका शेजाऱ्याचा दोष आहे असेही नाही. बहामामध्ये हैतीयन आईबापांच्या पोटी जन्मलेल्या मुलाला जन्माने नागरिकत्व मिळत नाही; अठराव्या वर्षी, ठरावीक मुदतीत अर्ज करावा लागतो. सप्टेंबर २०१९ मध्ये डोरियन चक्रीवादळाने आबाको बेटावरची 'मड' नावाची हैतीयन वस्ती जमीनदोस्त केली, आणि सरकारने तेथे पुन्हा घर बांधण्यास बंदी घातली.  अमेरिकेने भूकंपानंतर हैतीवासीयांना 'तात्पुरते संरक्षण' दिले. त्यास पंधरा वर्षे होऊन गेली. त्या मुदतीत मुले जन्मली, वाढली. आणि २०१७ मध्ये व पुन्हा २०२५ मध्ये ते संरक्षण काढून घेण्याचे निर्णय झाले, न्यायालयांत गेले. ब्राझीलने व्हिसा दिला तो बांधकामाची कामे होती तोवर उपयोगी पडला. तेथून चिली, आणि २०१८ मध्ये चिलीने दार लोटल्यावर अरण्य तुडवत मेक्सिकोची सीमा. सप्टेंबर २०२१ मध्ये टेक्सासमधील डेल रिओ येथील पुलाखाली पंधरा हजारांच्या आसपास माणसे साचली, त्यांतील अनेकांनी हैती सोडून दहा वर्षे झाली होती. आणि त्यांना विमानात बसवून कोठे पाठवले? पोर्ट-ओ-प्रिन्सला.

आमच्या म्हणण्यावर आक्षेप येईल की आपल्यात कोणाला घ्यायचे हे ठरवण्याचा प्रत्येक राज्याला अधिकार आहे. आहे, आम्ही तो नाकारत नाही. उद्या येणाऱ्याला दारावर अडवण्याचा अधिकार वेगळा आणि घरात जन्मलेल्याला 'तुझा आजा कोणत्या दाराने आला' असे विचारून बाहेर काढण्याचा अधिकार वेगळा. पहिला राज्याचा अधिकार आहे. दुसरा कोणाचाच नाही. गरीब देशाने किती भार सोसावा, असेही विचारले जाईल. ज्या मजुराच्या घामावर साखर निघाली त्याचा भार झाला असे म्हणण्यापूर्वी साखरेचा हिशेब मांडावा.

हैतीच्या राज्यकर्त्यांनाही आम्ही सोडत नाही. स्वतःच्या मुलांची जन्मनोंद न करणारे, लोकांची भाषा कार्यालयाच्या उंबरठ्याबाहेर ठेवणारे, माणसे दरडोई विकणारे हेही तेच. परदेशी नागरिकत्व घेणाऱ्याचे हैतीयन नागरिकत्व २०१२ च्या दुरुस्तीपर्यंत जात असे. त्याने घरी पाठवलेला पैसा मात्र चाले, जो आज देशाच्या उत्पन्नाच्या पाचव्या हिश्श्याच्या आसपास आहे. आणि हे त्या देशाचे राज्यकर्ते, ज्या देशाने एके काळी जगाला वेगळाच धडा दिला होता. गुलामांनी बंड करून १८०४ मध्ये जिंकलेल्या या प्रजासत्ताकाच्या १८१६ च्या संविधानाचा ४४ वा अनुच्छेद म्हणतो की आफ्रिकन व मूळ अमेरिकी लोक आणि त्यांचे वंशज येथे येऊन राहिले तर ते हैतीवासी मानले जातील; नागरिकाचे हक्क मात्र त्यांना वर्षभराच्या वास्तव्यानंतर मिळतील. पुढच्याच वर्षी जमैकाहून काही गुलाम गलबत पळवून आले. मालक त्यांना मागण्यास आला. अध्यक्ष पेत्यों यांनी या अनुच्छेदावर बोट ठेवून त्यास रिक्त हस्ते परत पाठवले. ज्यांच्यापाशी एकही कागद नव्हता, उलट दुसऱ्याच्या मालकीचा कागद ज्यांच्याविरुद्ध होता, त्यांना त्या देशाने पाय टेकताच आपले म्हटले. आज त्यांच्याच वंशजांकडे जग कागद मागत आहे.

वाचकहो, आता थोडे आपल्याविषयी. आमचे आणि हैतीच्या माणसाचे दुःख एक आहे असा दावा आम्ही करणार नाही; तो खोटा ठरेल. आपला सीमाप्रश्न कोणत्या राज्यात असावे हा आहे. भारताचे नागरिक म्हणून आपले स्थान कोणी काढून घेतलेले नाही. पण उताऱ्यावरचे आपलेच नाव दुसऱ्याकडून वाचून घेण्याची वेळ काय असते, हे सीमाभागात सांगावे लागत नाही. आणि एवढ्यासाठीच एक सावधगिरीची सूचना आम्ही आपल्याच लोकांना करतो. 'मूळचे कोण?' हा प्रश्न आपल्याला विचारला गेला की आपण संतापतो. काही जण मात्र मुंबई-पुण्यात पोहोचताच तोच प्रश्न दुसऱ्याला विचारतात. इंदूर, ग्वाल्हेर, वडोदरा येथील मराठी घराणी अठराव्या शतकापासून तेथे आहेत. उद्या कोणी कटऑफची तारीख त्यांच्या आगमनाच्या आधीची ठरवली, तर कोणता दाखला निघेल? भारतातही जन्माने मिळणारे नागरिकत्व १९८७ आणि २००४ मध्ये टप्प्याटप्प्याने आकसले आहे. ऑगस्ट २०१९ मध्ये आसामच्या अंतिम नागरिक यादीतून एकोणीस लाखांहून अधिक नावे वगळली गेली. त्यांतील कित्येकांचा अपराध एवढाच होता की बापाच्या नावाचे लेखन दोन कागदांत दोन प्रकारे झाले होते. हैती दूर आहे. ती खिडकी दूर नाही.

म्हणून आमची मागणी कोणत्याही राज्याकडे, कोणत्याही माणसासाठी एकच राहील. जन्माची नोंद करणे हे राज्याचे कर्तव्य आहे. ती न झाल्याची शिक्षा मुलाला देऊ नये. एकदा दिलेले नागरिकत्व शब्दाचा अर्थ मागाहून फिरवून काढून घेऊ नये. आपत्तीत घर गमावलेल्याचा हक्क तो तेथे राहत होता यावरून ठरावा, जमिनीचा दस्त कोणाच्या पेटीत होता यावरून नव्हे. आणि ज्या कागदावर माणसाचे भवितव्य लिहायचे तो त्याला वाचता येईल अशा भाषेत असावा. यांतील एकही गोष्ट दानधर्मात मोडत नाही. दयेची भाषा हैतीच्या वाट्याला पुष्कळ आली. त्याला हवा आहे तो न्याय, आणि तोही त्याच्या भाषेत लिहिलेला.